एक बाक, दोन वादी

माझ्याकडे कामाला आले त्या पहिल्याच दिवशी साळवे मुन्शींनी कपाट उघडलं आणि उभ्याउभ्याच फायली वाचायला सुरुवात केली. वकिलाचा मुन्शी तारखा टिपतो, कागद लावतो, अर्ज नेऊन देतो. वाचत कुणी बसत नाही. हे गृहस्थ वाचत. वय साठीचं, शहरातल्या छावणी भागातून सायकलवर येणं, शर्ट कडक इस्त्रीचा. वाचून झालं की दारात उभे राहून म्हणत, “मॅडम, एक शंका हाय. रागावू नका.” मी हमखास रागवायची.

कौसाबाईची फाईल त्यांनी अशीच काढली. कौसाबाई कन्नड तालुक्यातल्या पिशोर गावची. वडील गेल्यावर धाकट्या बहिणीनं, शांताबाईनं, त्यांचं मृत्युपत्र पुढे आणलं. सगळं शांताबाईला, आणि खाली वडिलांचा अंगठा. आपला बाप सही करणारा, तेव्हा हा अंगठा बनावट, असं कौसाबाईचं म्हणणं. पिशोरचं शेत तीच कसत होती. त्यातल्या वाट्यासाठी तिनं कन्नडच्या कोर्टात दावा लावला, तर शहरातल्या घरासाठी शांताबाईनं इथल्या कोर्टात. दोन्हीकडे कौसाबाईची वकील मी. शांताबाई कन्नडला येत नसे, कौसाबाई इथं येत नसे. आम्ही वकीलच तारखा घेत होतो. अशी सात वर्षं गेली.

“दोन्हीकडं भांडण त्या एकाच कागदाचं हाय ना?” मुन्शींनी विचारलं. “मग कन्नडनं अंगठा खोटा धरला अन् इथं खरा धरला, तर?”

जिल्हा न्यायालयात अर्ज केला की एक दावा दुसऱ्या कोर्टात वर्ग होतो आणि दोन्ही एकाच न्यायाधीशापुढे चालतात. हे मला ठाऊक होतं. खरं सांगायचं तर मी कंटाळा केला होता.

आता अर्ज करायचं ठरवलं, तर कौसाबाईच अडून बसली. “कन्नड जवळ पडतं मला. शहरात कशाला?”

“माय, तुमचा बाप एक का दोन?” मुन्शी म्हणाले.

ती खवळली. “जीभ आवरा मुन्शी! एकच!”

“मग त्याच्या एका कागदाला दोन कोर्टं कशाला?”

बाईला हसू आलं. अर्जावर सही झाली, आणि काही महिन्यांनी कन्नडचा दावा इथं वर्ग झाला.

पहिल्या तारखेला पुकारा झाला. न्यायाधीशांनी विचारलं, “वादी कोण?” दोन बायका एकदम उभ्या राहिल्या. “मी!” सगळं कोर्ट हसलं, त्या दोघी सोडून. पुढची तारीख पडली. बाहेर बाक एकच. दोघी दोन टोकांना बसल्या आणि आमचे मुन्शी खुशाल मधे. मी दारातून डोळे वटारत होते, पण त्यांचं लक्ष कुठलं!

“माय, बाप सही कसा करायचा?”

“लई झोकात,” कौसाबाई म्हणाली.

मुन्शी दुसरीकडे वळले. “अन् बाई, शेवटी शेवटी?”

शांताबाई समोरच्या भिंतीकडे बघत म्हणाली, “शेवटच्या सालात हात लई कापायचा. पेन गळून पडायचं. घास मीच भरवायची. रडायचा मंग.”

कौसाबाई गर्रकन वळली. “मला का नाय सांगितलं?”

“तू आलीस का कधी? अन् तोच म्हणायचा, कौसाला कळू देऊ नको.”

कौसाबाईनं पदर तोंडाशी धरला. मग उठून माझ्याकडे आली. “वकीलबाई, अंगठा बापाचाच हाय. मला नाय लढायचं.”

शेत जाईल, हे मी तिला तीनदा समजावलं.

“जाऊ द्या. सात वर्षं मी हिला चोर म्हणत होते.”

शेत गेलं.

मुन्शी दोन वर्षांपूर्वी वारले. मला त्यांची फार आठवण येते, आणि आठवतं ते कौसाबाईनं माघार घेतली त्या दिवशी ऑफिसात झालेलं बोलणं. मी फणकाऱ्यानं म्हणाले होते, “तुमच्यामुळे दावा गेला. जिंकला असता मी.”

“व्हय,” ते म्हणाले. हातातल्या फायली त्यांनी टेबलावर नीट लावल्या. “पण मॅडम, बापाचा हात चालत व्हता का, एवढं त्या बहिणीला इचारायचं सात वर्षांत कुणालाच कसं सुचलं नाय?”

सातही वर्षं कौसाबाईची वकील मीच होते.