वरच्या खोलीचं अपील

टेलरबाई आणि तिची धाकटी बहीण एकाच घरात, मधे भिंत घालून राहत. भांडण वरच्या खोलीचं होतं. थोरली तिथे शिवणकाम करी. धाकटी म्हणे, बाबांनी ती खोली मला दिली होती. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. या दोघी चढल्या. खालच्या कोर्टात धाकटी जिंकली, टेलरबाईने अपील केलं, आणि बोलणं बंद झालं. पाणी जाणार असलं तरी एक दुसरीला सांगत नसे.

सुनावणीच्या सकाळी टेलरबाई केस विंचरत होती. भिंतीपलीकडे धप्पकन आवाज झाला. मग हाक आली, "ताई!"

धाकटी न्हाणीघरात पडली होती. पाय भलतीकडेच वळला होता. टेलरबाईने शेजाऱ्याची गाडी मागितली, तिला उचलून आत बसवलं.

"आज तारीख आहे ना गं?" धाकटी विव्हळत म्हणाली.

"गप्प बस."

हॉस्पिटलातून टेलरबाईने आपल्या वकिलाला फोन लावला, पुन्हा लावला. तो दुसऱ्या कोर्टात उभा होता. इकडे शिपायाने पुकारा केला, तेव्हा ना अपील करणारी हजर, ना समोरची, ना कुणाचा वकील.

"गैरहजेरीत फेटाळलं, बाई," संध्याकाळी वकील म्हणाला. "पण घाबरू नका. मुदतीत अर्ज टाकला की अपील परत दाखल होतं. सबळ कारण लागतं, आणि तुमचं तर बावनकशी आहे! बहिणीनेच मला नेलं, एवढं धाकटीकडून लिहून आणा."

धाकटी प्लास्टरातला पाय उशीवर ठेवून पडली होती. तिने सगळं ऐकून घेतलं. "वकिलांना विचारून सांगते," म्हणाली.

दुसऱ्या दिवशी टेलरबाई तिचं जेवण घेऊन गेली, तेव्हा धाकटीने ताटाकडे बघतच सांगितलं, "ते म्हणतात, आपल्याच विरुद्ध आपण कशाला लिहून द्यायचं?"

"बरं," टेलरबाई म्हणाली. "वरण गरम आहे, जपून."

घरी येऊन तिने दार लावलं. रडू येईल असं वाटलं होतं. आलं नाही. रागही आला नाही. तिने भांडी घासली.

वकिलाचा फोन आला. "त्यांच्या कागदावाचूनही अर्ज करता येईल. या सहीला." ती हो म्हणाली. उद्या जाऊ, परवा जाऊ, करता करता मुदत टळली.

पाय बरा होईपर्यंत जेवण पोचत राहिलं. खोलीचा विषय कुणी काढला नाही. प्लास्टर निघालं आणि धाकटीच्या वकिलाने निकालाची अंमलबजावणी मागितली. टेलरबाईने आपणहून मशीन खाली आणवलं, स्वयंपाकघरात ओट्याशेजारी ठेवलं, आणि किल्ली भिंतीपलीकडे दिली.

वर भाडेकरू आला. त्याला यातलं काही ठाऊक नव्हतं. पडदे शिवायचे होते, म्हणून तो तिलाच बोलवायला आला. ती वर गेली, खिडकीची मापं घेतली.

"रंग कोणता बरा दिसेल?" त्याने विचारलं.

"मळखाऊ घ्या," ती म्हणाली, आणि टेप गुंडाळू लागली.