खुर्शीदभाईचा डोंगर

आमच्या खुर्शीदभाईला एकच दुखणं हाय. 'का' इचारायचं. त्याला औषध न्हाई.

आमचं रान आन् त्यांचं कब्रस्तान, मधी नुसता एक बांध. दोन्हीच्या डोक्यावर डोंगर. मी कापूस वेचत असते आन् हा माणूस बांधावर उभा राहून म्हणतो, "सोनूबाई, सीताफळ खालच्या मुरमातच का माजतं? सालईचं झाड वरच्या उतारालाच का?" मला काय ठावं बाबा! मी म्हणते, "तुम्हीच जाऊन इचारा सालईला." तर खरंच जातो. दुपार उलटून येतो, कुसळं भरलेल्या पायजम्यानं.

गावातल्या मुसलमानात कुणी गेलं की कबर खोदायला खुर्शीदभाई, आन् एरवी विहिरीच्या कामाला. अख्खी हयात जमीन फोडण्यात गेली, म्हणून डोंगर बी ते आतूनच बघतात. एकदा म्हन्ले, "हा डोंगर म्हंजे भाकरीची चवड हाय. खालची काळी, टणक, पहार मारली की ठिणगी उडती. पण तिचाच वरचा पापुद्रा बघा, सगळा भोकाभोकाचा. त्याच्यावर तो गेरूचा लाल पट्टा. आन् परत काळी."

"एवढ्या भाकरी थापल्या कोणी?"

"जमिनीतून आग वाहत आल्ती म्हणे. एक लोट थंडा झाला, मंग लई वर्सांनी दुसरा. वाफ वर येता येता अडकली, तिची ही भोकं." हे त्यांना दगड बघायला आल्त्या कॉलेजच्या पोरांनी सांगितल्तं. त्यातलं बराबर किती, ते बघायला हे पुन्हा चार खेपा वर जाऊन आले.

त्यांची बायको गौहरबी माझी जिवाची मैतरीण. ती कपाळाला हात लावायची. "यांना कबरीत उतरवतील ना सोनूबाई, तवा बी हे इचारतील, ही माती कुठून आणली?"

पण आधी तीच गेली. गेल्या हिवाळ्यात. दम्यानं छाती अशी धरल्ती की अंगावर चादर बी सोसायची न्हाई. मी पांघराया गेले की म्हणायची, "काढ गं, जड होतंय." शेवटच्या आठवड्यात तर दुसरं काही बोललीच न्हाई.

आता आमच्याकडं कबर झाली की तिच्यावर काळे दगड रचतात, वरून बाभळीचे काटे. कारण डोंगरात तरस हाय. गेरूचा पट्टा मऊ, म्हणून त्याचं बीळ तिथंच. गावची मेलेली ढोरं तेच साफ करतं, पण मुडदे उकरतं म्हणून लोक त्याच्या नावानं थुंकतात. खुर्शीदभाई प्रत्येकाच्या कबरीवर स्वतः दगड रचून देतात. गौहरबीच्या कबरीवर मात्र एक दगड ठेवला न्हाई. दगडाच्या जागी गुलछडीचे गड्डे लावले, ओळीनं, आन् भवती बाभळीच्या काट्यांचं कुंपण. राजूरच्या बाजारात गुलछडी दिसली की गौहरबी एक काडी घेतल्याबिगर हलायची न्हाई, म्हणून.

"दगड कवा ठेवता?" म्या इचारलं.

"ठेवू." एवढंच म्हन्ले आन् पाण्याचा डबा घेऊन निघून गेले.

पावसाळा सरला आन् एका शुक्रवारी सकाळी गलका उठला. गौहरबीची कबर उकरलेली! माती इकडंतिकडं, गुलछडी उपटून पडलेली. त्यांचा पोरगा इजहार जालन्याच्या एमआयडीसीत सळईच्या कारखान्यात कामाला. फोन लागला तसा मोटारसायकलवर आला. डोळे लालभडक. संगट गावातली पोरं, हातात रॉकेलचा डबा, कडबा आन् मिरच्यांचं पोतं.

"आज तरसाला बिळातच धुरी देतो. पिल्लांसकट!"

खरं सांगते, माझं बी डोकं फिरल्तं. मी बांधावरून वरडले, "दे धुरी मेल्याला! सोडू नको!" माझी मैतरीण होती ती. तिला तिथं बी सुख न्हाई म्हंजे काय?

खुर्शीदभाई मात्र कबरीपाशी उकिडवे बसल्ते. नजर मातीवर.

"इजहार, थांब जरा."

"अब्बा, आता बी बघतच बसणार?"

त्यांनी एका खड्ड्यात हात घातला, मंग दुसऱ्यात. "हे बघ. वीतभर बी खोल न्हाई. तरस एवढ्यावर थांबल का? आन् मधल्या मोकळ्या मातीला तर नख लागलेलं न्हाई. जिथं गड्डा, तिथंच खड्डा." त्यांनी एक अर्धा खाल्लेला गड्डा उचलला, पोराच्या पुढं धरला. दोन दातांच्या खुणा, पटाशीनं तासल्यासारख्या. मंग काट्यांच्या कुंपणाखालून त्यांनी काहीतरी ओढून काढलं. काळंपांढरं, लांब, टोकदार.

"सायाळीचा काटा," मीच बोलले. माझं रताळ्याचं वाफं दर साली खाती ती, मला न्हाई कळणार?

"बिलकुल सायाळ. तुझ्या अम्मीला कुणी हात लावला न्हाई, बेटा. सायाळीला दावत म्याच दिल्ती." असं म्हणून ते हसले, आन् हसता हसता डोळ्याला पाणी आलं.

इजहारनं डबा खाली ठेवला, पण राग कुठंतरी निघायलाच पाहिजे ना. "सगळ्या गावाच्या कबरीवर तुम्ही दगड ठेवता. मंग अम्मीच्याच का न्हाई ठेवले? का?"

अख्खा जन्म 'का' इचारणारा माणूस. आज त्यालाच कुणीतरी 'का' इचारलं. खाली मान घालून माती सारखी करत बसले. पोरं एकेक करून निघून गेली, कडबा तिथंच टाकून.

दुपारी बघते तर खुर्शीदभाई खांद्यावर पोतं टाकून डोंगर चढून राह्यले. मागं दहा पावलांवर इजहार, रुसलेला.

"अवो, दगड तर पायाशी पडलेत की! वर कुठं?"

ते चढतच राह्यले. आता त्यांच्या दुखण्याची लागण मला बी झाली असणार. कापसाचा वेचा टाकला आन् निघाले मागं. सीताफळं संपली. वर लाल पट्टा आला आन् त्यात तरसाचं बीळ, तोंडाशी पांढरी हाडकं. त्याच्या खालीच तो जाळीचा थर, भोकाभोकाचा. तिथं ते थांबले. आत पिल्लं कुईकुई करत होती, तरी बिळाकडं पाठ करून दगड उचलायला लागले. तळहातावर घ्यायचे, वर-खाली करायचे. भोकात पांढऱ्या गारगोट्या भरलेला दगड टाकून द्यायचे. भोकं रिकामी असलेला पोत्यात.

माझ्या कानात गौहरबी बोलली. काढ गं, जड होतंय. मी तिथंच पदर तोंडाला लावून खाली बसले.

इजहार उभा राहून बघत होता. मंग त्यानं वाकून एक दगड उचलला, हातावर तोलला आन् बापापुढं धरला.

"अब्बा, हा चालल?"

खुर्शीदभाईनं हातात घेतला. वर-खाली केला.

"जरा जड हाय रे. बघ अजून."