होबाईची सुनावणी

मागाच्या शेडमध्ये तिला सगळे होबाई म्हणत. अर्धं आयुष्य धोट्यांच्या खडखडाटात गेल्यावर कान शाबूत राहिले असते तरच नवल. शेडमध्ये त्यावाचून काही अडत नव्हतं, तिथे सगळेच ओठांवरून बोलणं ओळखत. बाहेर मात्र कुणी पाठमोरं बोललं की ती बेधडक ‘हो’ म्हणून मोकळी व्हायची. ‘काय, काय’ विचारलं की माणसं वैतागतात, ‘हो’ म्हटलं की खूश होतात, हे तिचं शहाणपण. एकदा मुकादमाने पाठीमागून विचारलं, “ताण्याचा सत्यानाश तूच केलास ना?” तरी ‘हो’च! अख्खी शेड हसून लोळली, तीही हसली.

नवऱ्याने वेगळं होऊन पोरीचा ताबा मागितला, तेव्हा मात्र हसू आटलं. हा नवरा जिभेवर साखर ठेवून कापड विकणारा. त्याने अर्जात लिहिलं, बाई बहिरी आहे, पोर तापाने फणफणून हाका मारत राहिली तरी हिला पत्ता लागणार नाही. पोर आठ वर्षांची, जन्मापासून आईच्या कुशीत वाढलेली. तापात तर ती आईचा दंड धरूनच झोपायची आणि तिची नुसती बोटं हलली तरी आई जागी व्हायची. पण अर्ज लिहिणाऱ्याला ते कशाला कळेल?

होबाईने धसकाच घेतला. कोर्टात बहिरेपणाचा वाससुद्धा लागू द्यायचा नाही, असं तिने ठरवलं. वकीलबाईंनाही म्हणाली, “थोडं कमी येतं, बाकी काही नाही.”

नेमक्या तारखेला वकीलबाई दुसऱ्या कोर्टात अडकल्या. शिपायाने हात केला म्हणून होबाई उठून एकटीच उभी राहिली. न्यायाधीश माणूस वाईट नव्हता, दमलेला होता. नजर कागदात, हात गालावर, बोटं ओठांवर. तो काहीतरी बोलतोय एवढंच तिला समजलं. डोळे फाडून तिने बोटांच्या फटीत शब्द शोधले. ‘काय?’ म्हटलं तर अर्ज खरा ठरतो, गप्प राहिलं तरी तेच. सगळे तिच्याच तोंडाकडे बघत होते.

“हो,” होबाई म्हणाली.

न्यायाधीशांनी चमकून मान वर केली. आता ओठ दिसले. “नक्की? स्वखुशीने?”

खुशीने! हे तर नीट कळलं. पोरीला खुशीने सांभाळणार का, असंच विचारत असतील. जीव भांड्यात पडला. “हो साहेब, अगदी माझ्या खुशीने!”

बाहेर आल्यावर कारकुनाने समोर उभं राहून सांगितलं, “आता मुलगी वडिलांकडे राहील. तुम्ही कबूल झालात ना.”

होबाईच्या पायाखालची जमीन सरकली. ती तशीच आत घुसली. “साहेब, मला ऐकूच आलं नव्हतं हो! मी बहिरी आहे, पार बहिरी!”

नवऱ्याचा वकील हसत उठला. “आमचं तरी दुसरं काय म्हणणं आहे, साहेब?”

झालं! इकडे आड, तिकडे विहीर. न्यायाधीशांनी कपाळ चोळलं. या वेळी ते तिच्याकडे बघून, सावकाश बोलले, “वकिलांमार्फत अर्ज द्या. तोवर मुलगी वडिलांकडेच राहील.” नाव काय, तर सुनावणी! आणि एवढ्या शहाण्यांच्या खोलीत एकानेही विचारलं नाही की, बाई, तुम्हाला ऐकू आलं का? पाच शब्दांचा प्रश्न. तो विचारायला कुणाची जीभ झिजली असती?

व्हरांड्यात नवरा पोरीचं मनगट धरून उभा होता. पोर हात सोडवून धावत आली. आईला खाली बसवून तिने तिची हनुवटी धरली आणि तोंड आपल्याकडे वळवलं.

“आई, तू हो का म्हणालीस?”

होबाईला एकूणएक अक्षर कळलं. या लेकराला काय सांगावं? आणि जन्मात पहिल्यांदाच तिने न कळल्याचं सोंग केलं.

“काय?”

पोरीला ते खरंच वाटलं. तिने डोळे पुसले, हनुवटी आणखी घट्ट धरली आणि आईला नीट कळावं म्हणून एकेक शब्द सुटा करून पुन्हा तेच विचारलं.