आसावरीबाईंचा नववा मजला

पडदा वर जातो. कर्जतच्या दहिवलीतलं पहिल्या मजल्यावरचं एक घर. वेळ दुपारची साडेतीन. डाव्या अंगाला खिडकी, खिडकीत माथेरानचा डोंगर. उजव्या अंगाला सोफा, सोफ्यावर तोंडावर पेपर घेऊन आडवे झालेले नाना. मधोमध टेबल, टेबलावर कॉम्प्युटर, आणि समोर खुर्ची रिकामी असताना उभ्या असलेल्या आसावरीबाई. वय चौसष्ट. एक हात कमरेवर, दुसरा कीबोर्डवर. पडद्यावर एक चौकट आली आहे आणि तिच्यात इंग्रजीत लिहिलं आहे की फाइल सापडत नाही.

"अगं, बसून कर की," पेपराखालून आवाज आला. "उभ्यानं काय, त्याची उलटतपासणी घेतेस?"

"बसलं की सुचत नाही मला."

"उभी राहून तरी कुठं सुचतंय?"

बाई स्वयंपाकघरात गेल्या, गॅस चालू नव्हता तरी तो बंद आहे ना हे पाहून आल्या, आणि पुन्हा उभ्या राहिल्या. फाइल अजून सापडत नव्हती. दिवाळी सहा दिवसांवर आली होती.

आसावरीबाईंच्या पायाला भिंगरी लागली ती नोकरीत. खालापूरच्या एका सरकारी कचेरीत एकतीस वर्षं टंकलेखिका. कर्जतहून खोपोली, तिथून शिळफाटा, शिळफाट्यावरून मिळेल त्या रिक्षानं खालापूर, आणि संध्याकाळी सगळं उलट. त्या कचेरीत साहेब आले नि गेले, टाइपरायटर जाऊन कॉम्प्युटर आले, पण बाईंची बोटं तीच राहिली. मजकूर वाचणाऱ्याची जीभ अडखळेल, बाईंची बोटं अडखळणार नाहीत, अशी ख्याती. एकच रीत त्यांनी कधी मोडली नाही. सरकारी कागदावर 'श्री' चालत नसे. म्हणून रोज सकाळी एका रद्दी कागदाच्या माथ्यावर आधी 'श्री' उमटवायचा, मग पहिलं पत्र चढवायचं. आम्ही नाटकवाले नारळ वाढवल्याशिवाय तिसरी घंटा देत नाही, तसंच हे.

निवृत्त झाल्यावर या बोटांना आणि पायांना काम उरलं नाही. मग बाई घरभर फिरू लागल्या. डबे घासून झाले, कपाटं लावून झाली, आणि गेल्या महिन्यात माळा आवरताना नॅप्थालीनच्या वासाची एक पेटी हाताला लागली. आत अजेयचा टीव्ही गेम. अजेय म्हणजे त्यांचा एकुलता मुलगा. राखाडी रंगाचा तो डबा, वायर गुंडाळलेला एक रिमोट, आणि एक पिवळी कॅसेट. बाई स्टुलावरच खाली बसल्या. नाना म्हणतात, लग्न झाल्यापासून ती एवढा वेळ स्वस्थ बसलेली त्यांनी तेव्हाच पाहिली.

त्याचं असं झालं होतं. बावीस वर्षांपूर्वी, अजेय दहावीत. नाताळची सुट्टी. पिवळ्या कॅसेटमधला खेळ असा, की हातात कंदील घेतलेला एक छोटा माणूस एका काळोख्या बुरुजाचे नऊ मजले चढतो. वाटेत वटवाघळं, पडणाऱ्या फळ्या, नाही नाही ते. मधे थांबून पुन्हा तिथूनच सुरू करायची सोय नाही. मेलात की तळमजला. तीन महिने खपून अजेय त्या दुपारी पहिल्यांदा नवव्या मजल्यावर पोचला होता. बाई त्या दिवशी कचेरीतून लवकर सुटून खालापूरहून उन्हातून आल्या. दारातूनच त्यांना त्या खेळाची पीपी ऐकू आली. चपलाही न काढता त्या आत गेल्या आणि भिंतीतून वायर ओढली.

मुलगा ओरडला नाही, रडला नाही. काळ्या पडद्याकडे बघत बसला आणि मग पुस्तक घेऊन उठला. दहावीला एक्क्याण्णव टक्के मिळाले. पुढे पुणे, मग बंगळूर, लग्न, मुलगी. पण बाईंच्या हिशेबी, त्या दुपारनंतर तो आईशी भांडायचाच थांबला. नुसता सभ्य झाला. "हो आई. बरं आई. पोचलो आई." रविवारी सकाळी दहाला फोन, दहा वाजून सहा मिनिटांनी बंद. पोटचा मुलगा बँकेतल्या माणसासारखा बोलतो, याचं दुःख ज्याचं त्यालाच कळतं.

आता दिवाळीला तो चार दिवस येणार होता, तीन वर्षांनी. बाईंनी ठरवलं, त्याला त्या नवव्या मजल्यावर परत नेऊन उभं करायचं. जिथून ओढून काढला, तिथंच. त्याशिवाय त्याच्या तोंडचं ते "हो आई" जाणार नाही.

डबा घेऊन त्या नाक्यावरच्या निलेशकडे गेल्या. निलेश मूळचा कळंबचा, कॉम्प्युटर दुरुस्त करतो, रिसॉर्टवाल्यांना कॅमेरे बसवून देतो. त्यानं स्क्रू काढले, झाकण उचललं आणि पटकन मागे सरला.

"काकू, यात मुंग्यांनी सोसायटी बांधलीय. पार्किंगसकट."

"चालू होईल का ते सांग."

"हा नाय व्हायचा. गेला हा. पण कॅसेट ठीक दिसतेय. कॅसेट वाचायचं एक छोटं यंत्र मिळतं, मागवतो मी. तिच्यातला खेळ फाइल होऊन कॉम्प्युटरात उतरंल. मग एम्युलेटर टाकायचा."

"म्हणजे?"

"म्हणजे कॉम्प्युटरला सांगायचं, बाबा रे, तू थोडा वेळ हा जुना डबा हायेस असं समज. तो सोंग घेतो. खेळाला वाटतं, आपण आपल्याच घरात हाय."

हे बाईंना एकदम पटलं. दाढीमिशा लावून नट राजा होतो तसंच. "बसवून देशील?"

"काकू, दिवाळीच्या आधी मला मरायला टाइम नाय. सगळ्या रिसॉर्टांचे कॅमेरे आत्ताच बिघडलेत. तुमी घरीच करा, मी फोनवर सांगतो."

आणि त्यांनी केलं. निलेश सांगेल ते लघुलिपीत वहीत उतरवलं. यंत्र आलं, कॅसेट त्यात खोचली, फाइल उतरली. एम्युलेटर उतरवला. रिमोटच्या बटणांऐवजी कीबोर्डवरची कुठली अक्षरं चालवायची हे त्यानं विचारलं, तेव्हा बाईंनी टाइपिंगमध्ये जिथं बोटं ठेवतात तीच अक्षरं निवडली. इतकं सगळं सुरळीत. आणि मग ती चौकट. फाइल सापडत नाही.

सोमवारी सापडली नाही. मंगळवारी सगळं काढून पुन्हा घातलं, नाही. बुधवारी चकल्या तळता तळता तीनदा येऊन पाहिलं. नाही, आणि एक घाणा करपला. फाइल डोळ्यांना दिसत होती. तिथंच होती. तरी ते यंत्र म्हणत होतं नाही.

"निलेश, अरे, पुढ्यात आहे त्याच्या!"

"काकू, कॉम्प्युटर रिस्टार्ट करा."

"सात वेळा केला. आता तुलाच रिस्टार्ट करते मी."

बाई गॅलरीत जाऊन आल्या, जिना उतरून पुन्हा चढल्या. रात्री अंथरुणावर बोटं पांघरुणावर नाचू लागली, तेव्हा नाना म्हणाले, "मला टाइप करू नकोस." त्यांनाही कळत होतं. एरवी हा माणूस थट्टेशिवाय बोलणार नाही, पण त्या रात्री त्यांनी तो नाचरा हात नुसता धरून ठेवला.

गुरुवारी दुपारी निलेश स्कूटरवरून येऊन थडकला. हेल्मेट डोक्यावर तसंच, त्यानं पडद्यात तोंड घातलं.

"काकू, इथं नावाच्या जागी ही प्रश्नचिन्हं कसली?"

"मला वाटलं, तोच काहीतरी विचारतोय."

"तो काय विचारतो! खेळ कुठल्या फोल्डरमधी ठेवलाय?" त्यानं उघडून पाहिलं आणि कपाळाला हात लावायला गेला, तो हेल्मेटवर आपटला. "श्री?"

"मग? नवीन कामाची सुरुवात कशानं करायची?"

"हा एम्युलेटर जुना हाय, काकू. त्याला मराठी अक्षर वाचताच येत नाय. वाटेत श्री लागला की आंधळाच होतो तो. पुसा ते नाव, दुसरं द्या."

"श्री पुसू?" बाई अशा काही म्हणाल्या की सोफ्यावरचे नाना उठून बसले. "एकतीस वर्षांत एकदाही पुसला नाही."

"अवो, मग खेळ कसा चालायचा?"

बाईंनी शेजारी एक नवा फोल्डर केला, त्याला इंग्रजी अक्षरांत अजेयचं नाव दिलं आणि खेळाची फाइल उचलून त्यात नेली. रिकामा 'श्री' होता तिथंच, सगळ्यांच्या वर, राहू दिला. निलेशनं मान डोलावली. "सेटिंग लावण्यात तुमचा हात कुणी धरणार नाय, काकू."

बाईंनी बटण दाबलं. पडदा काळा झाला, आणि त्या काळोखातून ती पीपी उठली. बावीस वर्षं बाईंनी त्या सुरांचा तिरस्कार केला होता, आणि आता नेमके तेच त्यांना तोंडपाठ निघाले.

"बंद कर ते केकाटणं!" नाना ओरडले, आणि मग दोन्ही हातांनी टाळ्या वाजवू लागले.

उरलेले दिवस कसे गेले ते विचारू नका. या सोंगाड्या यंत्रात एक सोय होती. हव्या त्या जागी खेळ थांबवून ठेवायचा, उद्या तिथूनच पुढे. ती नसती तर बाई तळमजल्यावरच राहिल्या असत्या. एका हातानं करंज्यांची कड मुरडायची, हात पुसायचा, दहा पायऱ्या चढायच्या, मरायचं, पुन्हा करंजी. तिसऱ्या मजल्यावरच्या वटवाघळांनी दीड दिवस खाल्ला. पण बोटं शेवटी टंकलेखिकेची. कुठल्या क्षणी कुठलं बोट पडायचं हे एकदा त्यांना कळलं, की मग चूक नाही. धनत्रयोदशीला संध्याकाळी कंदीलवाला नवव्या मजल्याच्या उंबऱ्यावर उभा राहिला. बाईंनी त्याला तिथंच थांबवलं.

अजेय आला. "हो आई. प्रवास छान झाला आई." नरकचतुर्दशीचं अभ्यंग, फराळ, सगळं शिस्तीत. बाई ताटं उचलायच्या, ठेवायच्या, पुन्हा उचलायच्या. दुपारी सून आणि नात नानांबरोबर बाजारात आकाशकंदील घ्यायला गेल्या, तेव्हा त्यांनी हाक मारली. "अजेय, जरा इकडे ये."

तो आला. पडद्यावर कंदील घेतलेला छोटा माणूस उभा होता. अजेयनं पाहिलं. चेहऱ्यावर काही उमटलं नाही.

"छान आहे, आई."

"नववा मजला आहे. जिथं मी त्या दिवशी… तिथंच आहे बघ. खेळ."

तो बसला, बहुधा आईचं मन मोडू नये म्हणून. पण बोटं कीबोर्डवर पडली आणि कंदीलवाला सरसर निघाला. फळ्या पडायच्या आत ओलांडल्या, कोपऱ्यातला दगड न बघता चुकवला. तीन-चार मिनिटांत शिखरावर. माणसानं कंदील टांगला, बुरुज उजळला, पीपी थांबली. बाई पाहत होत्या मुलाच्या चेहऱ्याकडे. तिथं तेच सभ्य हसू.

"तू चढलीस आठ मजले?" त्यानं विचारलं.

"मग काय नानांनी?"

"आणि ती वटवाघळं?"

"दीडशे वेळा खाल्लं मेल्यांनी मला."

अजेय हसला. या वेळचं हसू खरं होतं. मग खुर्ची मागे रेलून, पडद्याकडेच बघत म्हणाला, "आई, हा खेळ मी तेव्हाच संपवला होता गं. पुढच्याच आठवड्यात. खोपोलीला देवव्रतकडे."

देवव्रत त्याचा वर्गमित्र. बाई उभ्या होत्या, त्यांनी टेबलाची कड धरली. "मग… त्याचा राग नव्हता?"

"वायरीचा? तो दोन दिवसांत गेला."

"मग माझ्याशी बोलायचा का थांबलास?"

खाली गल्लीत कुणीतरी लवंगी फटाक्यांची माळ लावली, ती वाजून संपेपर्यंत दोघं तशीच होती.

"निकालाच्या दिवशी तू पेढे वाटत होतीस," तो म्हणाला. "वाड्या-वस्त्यांतून, तुझ्या ऑफिसात, बसस्टँडवरसुद्धा. मी पिशवी धरून मागे. आणि प्रत्येकाला सांगत होतीस, मी वेळेवर वायर ओढली म्हणून एक्क्याण्णव टक्के. प्रत्येकाला. लोक तुझं अभिनंदन करत होते. मी सकाळी चारला उठायचो, आई. ते कुणाला सांगितलंच नाहीस. मग मला वाटलं, हिला काही सांगून उपयोग काय? जे चांगलं होईल ते हिच्या वायरीनंच होणार."

बाईंना ते पेढे आठवले. आठवत नाहीत असं त्यांना म्हणता आलं असतं. हा किस्सा त्यांनी नंतरही कितीदा रंगवून सांगितला होता, निवृत्तीच्या समारंभात माइकवरसुद्धा, आणि दर वेळी टाळी घेतली होती. त्यांच्या पायांना एकदम स्वयंपाकघरात जावंसं वाटलं. गॅस बघावा, डबा उघडावा, काहीही. त्यांनी पाय तिथंच रोवले. अजेय अजून पडद्याकडे बघत होता.

"मार्क तुझेच होते रे," आसावरीबाई म्हणाल्या. "मी नुसती वायर ओढली."