रिकामी गाडी सुटत नाही

मुंबईत भुयारी मेट्रो झाल्यापासून मला एक नवं व्यसन लागलंय. जिथे फारसं कोणी उतरत नाही, नेमक्या त्याच स्टेशनांवर उतरायचं. आमच्या रेवसहून लाँचने मुंबईच्या भाऊच्या धक्क्याला जायचं, कामं जमतील तशी उरकायची आणि पाताळात शिरायचं. चकचकीत फरशी, सरकते जिने, थंडगार हवा आणि माणूस औषधालाही नाही. वऱ्हाडच न आलेलं मंगल कार्यालय! आमच्या तालुक्याच्या दवाखान्यात एवढा गारवा असता तर लोक हौसेने आजारी पडले असते.

त्या दिवशी बायको बरोबर होती. संध्याकाळी मुलीला बघायला पाहुणे यायचे होते. तिच्यासाठी साडी घ्यायची आणि दुपारच्या लाँचने परतायचं, एवढंच काम. साडी झाली. मी म्हटलं, "चल, एकच स्टेशन दाखवतो."

"काय आहे तिथे?"

"काहीच नाही. तेच तर बघायचंय."

फलाटावर आम्ही दोघंच. मी फोटो काढण्यात दंग. गाडी आली, बायको आत शिरली. "अहो, चला!"

"थांब गं, माणसं तरी येऊ देत. दोघांसाठी गाडी सोडतील होय?"

आमच्याकडे मिनीडोअर रिक्षा गच्च भरून, ड्रायव्हर अर्धा बाहेर लोंबल्याशिवाय सुटत नाही. मेट्रोत कितीदा बसलो तरी मी त्याच शाळेतला. मेट्रोची शाळा वेगळी निघाली. दारं मिटली. काचेआड बायकोचे ओठ जोरात हलत होते. ऐकू आलं नाही, हे माझं नशीब.

खाली फोनला रेंज नव्हती. मी पुढच्या गाडीने तिच्यामागे गेलो, तर ती मला शोधायला उलट्या गाडीने मागे आली. असं दोनदा झालं. शेवटी ती एका बाकावर बसूनच राहिली, म्हणून सापडली.

"झालं बघून? की अजून रिकामं हवंय?"

लाँच अर्थातच गेली होती आणि ओहोटीमुळे पुढची सुटणार नव्हती. एसटीने पनवेल, पेण असा वळसा घालत निघालो. बायको खिडकीबाहेर बघत होती. स्थळ हातचं गेलं, हे दोघांनीही धरूनच टाकलं होतं. वडखळला मुलीचा फोन आला.

"पाहुणे रागावले का गं?" मी चाचरत विचारलं.

"नाही बाबा. मुलगा बरा आहे. तुम्ही दोघं नव्हतात, म्हणून आम्हाला नीट बोलता तरी आलं." मग हळूच ती म्हणाली, "रविवारी परत येतायत. मुंबईत तुमचं काही काम असलं तर काढा."