मेहुण्यासाठी टॉवेल

माझा मेहुणा गोकुळ आठ महिन्यांपूर्वी आमच्या सुरतेतल्या लिंबायतच्या घरी दोन दिवसांसाठी आला.

दोष माझाच. धुळ्याकडं गावी गेलो की सासुरवाडीला सुरतेचा पाहुणा म्हणून माझ्या खांद्यावर टॉवेल टाकतात, आणि टॉवेल घेतला की माणूस बांधला जातो. मग एखादं पोरगं पुढं करून म्हणतात, "जावईबापू, याले सुरतले कामले लाई द्या." गोकुळ असाच एका टॉवेलवर आला. कापडाच्या लूमवर चार दिवस टिकला (आवाजानं त्याचं डोकं दुखतं, घोरण्यानं आमचं दुखतं ते वेगळं).

हजीऱ्याच्या एका कंपनीची गाडी मी चालवतो. तिथं क्रेन दुरुस्तीला ओलेक आला, युक्रेनचा. त्याला रोज नेणं-आणणं माझ्याकडं. हे ऐकून माझी बायको मंगल भाकरी थापायची थांबली.

"त्याले जेवाले बलावा. मना भाऊले परदेशले ली जाई तो."

"अगं, तो क्रेनवाला आहे, एजंट नाही."

"तुम्ही तरी कुठं एजंट होतात? टॉवेल टाकला तसे कामाला लागलात ना?"

मी ओलेकला रविवारचं आमंत्रण दिलं. मला माझी कॉट परत हवी होती; आठ महिने तिच्यावर गोकुळ आणि खाली सतरंजीवर मी.

रविवारी ओलेक आला. गल्ली दारात उभी. मंगलनं भरीत-पुऱ्या वाढल्या, त्यानं तीनदा मागून खाल्ल्या. मी त्याच्या खांद्यावर नवा कोरा टॉवेल टाकला. तो इतका भारावला की मलाच लाज वाटली. लाज आवरली आणि गोकुळला पुढं ढकललं. गोकुळ अंघोळ करून आला होता, म्हणजे प्रसंग किती मोठा ते समजा.

मी फोनमध्ये हिंदीत बोललो, "ये मेरी बीवी का भाई है. इसे आपके देश में काम चाहिए." फोननं ते त्याच्या भाषेत सांगितलं.

ओलेकनं गोकुळकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं आणि पोट धरून हसला. मग फोनमधल्या बाईनं त्याचं उत्तर वाचलं, "वहाँ काम होता तो मैं यहाँ धूप में क्रेन पर क्यों चढ़ता? मेरी पत्नी भी पोलैंड के होटल में बर्तन धोती है."

मंगलचा चेहरा उतरला. मला तर त्याच्यासमोर परदेशचं नाव काढल्याचंच वाईट वाटलं.

तेवढ्यात ओलेकनं पिशवीतून लाल भरतकाम केलेला लांबलचक टॉवेल काढला. निघताना आईनं दिलेला, म्हणे. उभा राहिला आणि तो माझ्या खांद्यावर टाकला. गल्लीनं टाळ्या वाजवल्या. मीही छाती फुगवून घेतला.

मग त्यानं मोबाइलवर एक फोटो दाखवला. सोफ्यावर आडवा पडलेला एक दाढीवाला.

फोन म्हणाला, "यह मेरी पत्नी का भाई है. पोलैंड में उसी के घर पड़ा है. इसे सूरत में काम चाहिए."

आता रोज सकाळी गाडीत बसताच ओलेक विचारतो, "भाई, काम?" मी आरशात न बघता सांगतो, "सेठ से बात चल रही है." गोकुळ यायच्या आधी सहा वर्षं गावाला त्याच्यासाठी हेच सांगत होतो.

काल गोकुळ तो भरतकामाचा टॉवेल पांघरून पडला होता. डोळे न उघडता म्हणाला, "दाजी, त्या दाढीवाल्याला बोलवा, माझं काही नाही. फक्त तुमच्या सतरंजीवर त्याला जागा करा, कॉटवर दोघं मावणार नाहीत."