पलीकडचा शब्द

फंग सू-छिन नोकरीला लागली तेव्हा घरी सांगण्यात आलं की मुलगी हवामान खात्यात आहे. म्याओलीजवळच्या त्यांच्या खेड्यात वादळाचा अंदाज चुकला की शेजारणी तिच्या आईला सुनवायच्या, "तुझ्या पोरीला सांग गं, जरा मान वर करून बघ म्हणावं आभाळाकडे." आई खजील व्हायची. खरं काम काय ते सू-छिनने तिला अखेरपर्यंत सांगितलं नाही. सांगायची परवानगी नव्हती.

काम ऐकण्याचं होतं. तैवानच्या उत्तर टोकाला, एका टेकडीवर सैन्याच्या गुप्तवार्ता विभागाचं ठाणं होतं. कानाला हेडफोन लावून बसायचं आणि सामुद्रधुनीपलीकडचे, चीनचे सैनिक वायरलेसवर काय बोलतात ते टिपायचं. बहुतेक बोलणं डिझेलचं, भाजीचं, रजेचं असे. तरी बोलणारा कुठल्या प्रांतातला, किती शिकलेला, नवा की मुरलेला, हे आवाजावरून ओळखता यायला हवं होतं. ते शिकवायला मौ मास्तर होते. मास्तर मूळचे पलीकडच्या शानतुंगचे. कोवळ्या वयात सैन्याबरोबर इकडे आले आणि परत जाणं झालं नाही. "अर्थ मागून बघू, पोरींनो, आधी माणूस ओळखा," ते म्हणायचे. "आणि चुकणाऱ्याला घाबरू नका. ज्याचं बोलणं नको तितकं स्वच्छ, त्याच्यावर कान ठेवा. तो काहीतरी झाकतोय."

सू-छिनचा कान ठाण्यात सर्वांत तयार निघाला. पलीकडच्या एका वायरलेसवाल्याला सर्दी झालीय, हे ती त्याच्या तोंडच्या आकड्यांवरून सांगायची. स्थळं आली आणि गेली. मुलाकडचे कौतुकाने विचारायचे, "हवामान खात्यात का? मग परवा लग्नाला जायचंय, पाऊस आहे का हो?" तिला ते ठाऊक नसायचं.

पुढे पलीकडचे लोक वायरलेसवर फारसं बोलेनासे झाले. हल्ले कॉम्प्युटरवरून होऊ लागले. सू-छिनची बदली तैपेईत पाटी नसलेल्या एका इमारतीत झाली. सरकारी कचेऱ्यांत खोटे ईमेल यायचे, वरिष्ठांच्या नावाने, जोडलेली फाइल उघडा म्हणून. इंजिनिअर मंडळी फाइल तपासायची, सू-छिन मजकूर वाचायची. दोन्ही किनाऱ्यांवर चिनीच बोलतात, पण रोजचे कित्येक शब्द वेगळे. माहितीला इथे 'झूशुन' म्हणतात, पलीकडे 'शिन्शी'. व्हिडिओला इथे 'यिंगप्येन', पलीकडे 'शिपिन'. खोटं पत्र लिहिणारा कितीही सावध असो, एखादा शब्द निसटतोच. त्यावर तिने एक धडा तयार केला. नव्याने येणारा प्रत्येक जण तो शिकला. निवृत्तीनंतर तिला सायबर सुरक्षेच्या खासगी कंपनीत बोलावणं आलं तेही त्याच धड्यामुळे. कंपनीचा मालक च्युए एकेकाळी तिच्या हाताखाली होता. गिऱ्हाइकांना तो सांगायचा, "यंत्रं सगळ्यांकडे आहेत. फंगताईंचा कान फक्त आमच्याकडे."

म्याओलीतल्या एका खासगी रुग्णालयाचे कॉम्प्युटर हॅकर्सनी कुलूपबंद केले आणि खंडणी मागितली, तेव्हा तो कान तिकडे गेला. नोंदी उघडत नव्हत्या. रुग्णांना औषधांची नावं तोंडी सांगावी लागत होती. सुरुवात एका ईमेलपासून झाली होती. नोंदणी काउंटरच्या सामाईक खात्यावरून तो सर्व कर्मचाऱ्यांना गेला होता: यंत्रणा बदलते आहे, सोबतची फाइल उघडून आपली माहिती तपासा. 'माहिती'साठी शब्द होता 'शिन्शी'.

काउंटरवर तिघी होत्या. तिघींतली थान छुन-ये पलीकडची, हुनानची. इथल्या एका ट्रकचालकाशी लग्न करून आलेली. पुढच्या वर्षी तिला इथल्या नागरिकत्वाचं ओळखपत्र मिळायचं होतं. रुग्णालयाने तिला त्याच दिवशी घरी बसवलं. पोलिसांत तक्रार गेली असती तर ओळखपत्र विसरावं लागलं असतं. तक्रार करायची की नाही, ते सू-छिनच्या अहवालावर ठरणार होतं.

संगणक विभागाचे प्रमुख लो यांनी तिला सर्व्हरची खोली दाखवली. इथल्या प्रथेप्रमाणे कपाटावर मक्याच्या खाऊची हिरवी पाकिटं मांडली होती, यंत्रांनी शहाण्यासारखं वागावं म्हणून. पाकिटं ताजी होती. सर्व्हरच्या सुरक्षेचे अपडेट मात्र दोन वर्षं कुणी केले नव्हते.

"ताई, तुम्ही आमच्याच हक्का लोकांतल्या, म्हणून स्पष्ट बोलतो," लो म्हणाले. "हा शब्द आपल्याकडे कुणी लिहील का? माझ्या आजीनेही लिहिला नसता."

"तुमच्या आजींना ईमेल यायचे?"

"चेष्टा करा. पण सही करा नि मोकळ्या व्हा."

सू-छिनने छुन-येला बोलावून घेतलं. ती नीट इस्त्री केलेला शर्ट घालून आली, खुर्चीच्या कडेवर बसली. सू-छिनने ईमेलचा विषय काढलाच नाही. मुलाची शाळा, बाजारभाव, नवऱ्याची पाठ, काउंटरवरची गर्दी, असं बोलत राहिली. छुन-ये मोकळेपणाने उत्तरं देत होती आणि तिच्या तोंडून पलीकडचा एकही शब्द आला नाही. वाक्यांच्या शेवटची लकबसुद्धा इथलीच. सू-छिनला ते खटकलं. इतकं स्वच्छ बोलणारी माणसं तिने नोकरीत दोन-तीनच ऐकली होती, आणि ती सगळी शिकवून पाठवलेली निघाली होती.

छुन-ये गेल्यावर तिने काउंटरवरच्या दुसऱ्या बाईला, ल्याओबाईंना, विचारलं, "ही पहिल्यापासून अशीच बोलते?"

ल्याओबाई हसल्या. "छे हो! आली तेव्हा मजाच होती. कॅंटीनमध्ये पहिल्या दिवशी म्हणाली, थूतोउची भाजी द्या. तिच्याकडे थूतोउ म्हणजे बटाटा ना! आपल्याकडे शेंगदाणे. पोऱ्याने बशीभर शेंगदाणे आणून ठेवले पुढ्यात. गपचूप खाल्ले हो तिने, एकेक करून. मग काय, वर्षभर आम्ही तिला थूतोउताईच म्हणायचो. रुग्णसुद्धा म्हणायला लागले. डॉक्टर म्हणायचे, थूतोउताई, पुढचा पेशंट पाठवा. नंतर एकदम सुधारली. इतकी की आता आमच्याच चुका काढील. काढत नाही म्हणा."

सू-छिनने ते ऐकून घेतलं. पण लोकांच्या हसण्याला कंटाळून जो आपली बोली घासूनपुसून घेतो आणि हेर म्हणून जो घेतो, त्या दोघांचं बोलणं कानाला सारखंच लागतं. एवढ्यावर तिला काहीच लिहिता येत नव्हतं.

दुपारी लो मोबाइल पुढे करत आले. "पुरावा हवा होता ना? काउंटरच्या कॅमेऱ्यातलं आहे. ईमेल गेला तेव्हा खुर्चीवर हीच बसलीय. हे शिपिन बघा."

"काय बघू?"

"हे शिपिन. नीट दिसतंय तोंड."

"लोसाहेब, हा शब्द कुठून उचललात?"

"कुठला?"

"आता दोनदा म्हणालात तो."

लो क्षणभर गोंधळले. मग त्यांना कळलं आणि ते लाल झाले. "अहो, बायको रात्रंदिवस पलीकडच्या मालिका लावते. पोरगा फोनवर तेच बघतो. कानावर पडतं. त्याचं काय एवढं? मी काय हेर झालो?"

"नाही. तुमच्या विभागाने कर्मचाऱ्यांना पाठवलेल्या जुन्या सूचना दाखवता?"

मागच्या वर्षीची एक सूचना तिला लगेच सापडली. यंत्रणा बदलते आहे, सोबतची फाइल उघडून आपली माहिती तपासा. शब्दन्‌शब्द तीच, 'शिन्शी'सकट. खाली सही लो यांची. पुढचं काम कंपनीच्या इंजिनिअरांनी केलं. चोर बरेच दिवस आधी, अपडेट न केलेल्या सर्व्हरमधून आत शिरले होते. जुने ईमेल वाचून त्यांनी खरी वाटेल अशी एक सूचना निवडली, फाइल बदलली आणि काउंटरच्या खात्यावरून पाठवून दिली. चोर कुठले, ते कळलं नाही. त्यांनी स्वतःचा एकही शब्द लिहिला नव्हता. त्या वेळी छुन-ये खुर्चीवर बसली होती, कारण काउंटरवर तिची पाळी होती.

सू-छिनने अहवालात हे सगळं लिहिलं. शेवटी न मागितलेला एक परिच्छेद जोडला: अमुक शब्द वापरला म्हणून लिहिणारा पलीकडचा, असं यापुढे मानू नये. ही कसोटी मी स्वतः शिकवत आले. ती आता चालत नाही.

च्युएने तिला केबिनमध्ये बोलावलं. "ताई, बाई निर्दोष आहे, लिहा की. कोण अडवतंय? पण हा शेवटचा परिच्छेद काढा. आपण तेच विकतो."

"तो काढला तर पुढचं रुग्णालय पुढच्या बाईला घरी बसवेल. माझंच नाव सांगून."

"आणि मागचे अहवाल? ते शब्दांवरच उभे आहेत. कुणी उकरायला लागलं तर?"

"उकरू दे. काही मलाच उकरायचे आहेत."

परिच्छेद राहिला. सरकारी प्रशिक्षणातून तिचा धडा वगळण्यात आला, आणि वर्षअखेरीस च्युएने तिच्याशी नवा करार केला नाही. जुन्या कचेरीतून एका सहकाऱ्याचा फोन आला. "मग इतकी वर्षं आपण ज्यांची नावं दिली, त्यांचं काय?" सू-छिन म्हणाली की तिला माहीत नाही.

छुन-येला रुग्णालयाने परत बोलावलं. तिने काउंटर नको म्हणून सांगितलं आणि तळघरात, चादरी धुण्याच्या खात्यात जागा मागितली. ती तिला विनाचौकशी मिळाली. सू-छिन तिला भेटायला खाली उतरली तेव्हा ती वाळवण्याच्या यंत्रातून चादरी काढत होती.

"त्या दिवशी तुम्ही माझं बोलणं ऐकत होतात," छुन-ये म्हणाली. "मला कळत होतं, ताई. चुकले का कुठे?"

"एकदाही नाही."

"तेच खटकलं ना तुम्हाला?"

"हो. आधी तेच खटकलं."

छुन-येने चादर झटकली. "चुकलं तर हसतात. नाही चुकलं तर तुम्ही येता. आता ओळखपत्राची मुलाखत आहे. तासभर बोलायला लावतात म्हणे. कसं बोलू तिथे?"

"येईल तसं बोल."

"त्यांना सांगाल तुम्ही हे?"

सू-छिनने चादरीचं दुसरं टोक धरलं. अहवालाची प्रत मुलाखतीच्या कचेरीला पाठवल्याचं तिने सांगितलं.

ओळखपत्र छुन-येला पुढच्या वसंतात मिळालं. त्यानंतर काउंटरवर एक जागा रिकामी झाली, तेव्हा ल्याओबाई स्वतः विचारायला खाली गेल्या होत्या. छुन-येने स्वच्छ तैवानी बोलीत आभार मानले आणि नको म्हणाली.